मिलरच्या काचेतून माणूस का निघाला नाही? : त्या पोस्टला उत्तर

हातमाग
काल बाराबंदी यांची पोस्ट वाचली आणि डोकं भणभणलं. म्हणणं असं : शास्त्रज्ञांना अजून साधा जीव करता आला नाही, मिलरचा प्रयोग फसला, डार्विन खोटा ठरला, आणि पृथ्वीचं वय ४३२ कोटी वर्षं हे आपल्या ऋषींनी आधीच सांगून ठेवलंय. खाली सगळे हात जोडून उभे. माझा दहावीतला पोरगा जेवताना ते मोठ्यानं वाचून दाखवत होता, म्हणून लिहितोय. नाहीतर गप्प बसलो असतो.

डार्विनला यात कशाला ओढता? त्याचं १८५९ चं पुस्तक जीव बदलत कसे गेले यावर आहे, पहिला जीव कुठून आला यावर नाही. त्याबद्दल १८७१ साली एका मित्राला पत्रात ‘एखाद्या कोमट डबक्यात’ अशी कल्पना तेवढी लिहिली त्यानं.

आता मिलर. १९५३ साली अमेरिकेतल्या या शिकाऊ पोरानं, पृथ्वीची सुरुवातीची हवा अशीच असेल असं धरून, मिथेन, अमोनिया, हायड्रोजन आणि पाण्याची वाफ काचेत कोंडून ठिणग्या पाडल्या. काही दिवसांत पाण्याचा रंग बदलला आणि त्यात ग्लायसीन, अ‍ॅलनीन अशी अमिनो आम्लं, म्हणजे प्रथिनांचा कच्चा माल, सापडली. तो जीव करायला बसलाच नव्हता. कापसातून सूत निघतंय का एवढंच बघत होता, आणि तुम्ही विचारताय चादर कुठंय! तो २००७ साली गेला, त्यानंतर त्याच्या जुन्या सीलबंद कुप्या नव्या यंत्रांनी तपासल्या तर वीसच्या वर अमिनो आम्लं निघाली. फसलेला प्रयोग असा असतो होय?

राहता राहिले ४३२ कोटी. पूजेला बसून संकल्प सोडता ना? श्वेतवाराह कल्प, वैवस्वत मन्वंतर, अठ्ठाविसावं कलियुग. मांडा हिशेब. सहा मन्वंतरं सरली, सातव्यातली सत्तावीस महायुगं सरली. कल्प सुरू होऊन झाली साधारण १९७ कोटी वर्षं. ४३२ कोटी हा अख्खा कल्प, ब्रह्मदेवाचा एक दिवस, तो अजून अर्धाही झालेला नाही. पृथ्वी आहे ४५४ कोटींची आणि ऑस्ट्रेलियातल्या खडकांत सूक्ष्मजीवांच्या खुणा आहेत सुमारे ३५० कोटी वर्षांपूर्वीच्या. म्हणजे तुमचा कल्प उजाडायच्या आधीच जिवाणू नांदत होते. बसवा मेळ.

बाराबंदी
हिशेब छान केलात. दक्षिणा कुठं पाठवू?

सोलापूरच्या गड्डा जत्रेत बाराबंदी घालून नंदीध्वजाबरोबर चालतो म्हणून मला अडाणी समजू नका. बी.एस्सी. केमिस्ट्री आहे मी. मिलरनं घेतलेली हवा त्या काळी पृथ्वीवर होती का? आता बरेच भूशास्त्रज्ञ म्हणतात, तेव्हा मुख्यतः कार्बन डायऑक्साइड आणि नायट्रोजन होता, आणि त्यात हीच ठिणगी पाडली तर हाती फार थोडं लागतं. हे का गाळलंत? त्याच्या अमिनो आम्लांत, आरशातल्या जोडीसारखी, डावी-उजवी रूपं सारख्याच प्रमाणात, आणि आपल्या शरीरातली प्रथिनं डाव्यांचीच. ती निवड कुणी केली? २०१० मध्ये अमेरिकेतल्या क्रेग व्हेंटर या शास्त्रज्ञानं ‘कृत्रिम जीव’ केला म्हणून केवढा गाजावाजा! जीनोम, म्हणजे जिवाचा सगळा जनुकसंच, यंत्रावर बांधला, घातला कुठं? आयत्या जिवंत पेशीत. दुसऱ्याच्या मागावर आपला धागा चढवायचा आणि माग मी बनवला म्हणायचं.

आणि एक सांगतो. माझी मुलगी सातव्या महिन्यात झाली. अकराशे ग्रॅम. तेवीस दिवस काचेच्या पेटीत होती. बोट आत घातलं की ती धरायची, चिमणीच्या पायाएवढी पकड. ती पकड मिथेनमधून आली असं मला कुणी सांगू नये. आज ती सातवीत आहे.

शेंगाचटणी
पोरगी मोठी होवो, देव तिला उदंड आयुष्य देवो. पण ती पेटी कुणी बनवली बे, ऋषींनी?

आणि जीव तयार होताना बघायचाय तर आमच्या बॅरलवर या. पाणी येतं पाचव्या दिवशी, झाकण जरा सरकलं की आत वळवळ सुरू. ना मिथेन लागतं ना मंत्र.

कडक_भाकरी
पाचव्या दिवशी? नशीबवान आहात. आमच्याकडं गेल्या खेपेला सातव्या दिवशी आलं, तेही रात्री अडीचला, पाऊण तास. उजनी धरण काठोकाठ भरलं तरी आमची घागर रिकामीच. आणि हे बसलेत ३५० कोटी वर्षं मोजत.

शेंगाचटणी
पाऊण तास येतं कारण तुमच्या बोळातले चार जण नळाला थेट मोटार लावतात. पुढच्यांनी ओढलं की मागच्यांना नुसती हवा.

कडक_भाकरी
कुणाबद्दल बोलूलालाव? नाव घ्या. आमच्या घरात मोटार नाही. आई सत्तर वर्षांची आहे, ती रात्री उठून हंडे भरते. मोटार म्हणे!

शेंगाचटणी
तुमचं नाव घेतलं का मी? लागलं वाटतं.

सात_रस्ता
भांडा निवांत. माझं वेगळंच दुःख आहे. बाराबंदींच्या पोस्टची सख्खी बहीण आमच्या घरच्या ग्रुपवर उर्दूत फिरते. तिकडं ऋषींच्या जागी कुरआनची आयत : प्रत्येक सजीव आम्ही पाण्यापासून घडवला. खाली तेच वाक्य, ‘विज्ञानाला हे आज कळलं.’ मी मामूंना विचारलं, आधीच लिहिलेलं होतं तर शोध लागायच्या आदल्या दिवशी का नाही सांगितलं? तेव्हापासून मामू ईदला गळाभेट घेताना जरा अंतर ठेवतात.

आकाशवेडा
नारळीकर सरांचं नाव अजून कुणी घेतलं नाही, तेही मराठी माणसांच्या चर्चेत! २००१ मध्ये हैदराबादहून फुगा सोडून ४१ किलोमीटरपर्यंतच्या हवेचे नमुने आणले आणि त्यात सूक्ष्मजीव सापडले. पुढच्या २००५ च्या फुग्यात जिवाणूंच्या तीन नव्या जाती मिळाल्या, एकीला खगोलशास्त्रज्ञ फ्रेड हॉईलचं नाव, एकीला इस्रोचं, एकीला आर्यभटाचं. जीव अंतराळातून आला असू शकतो. १९६९ मध्ये ऑस्ट्रेलियात मर्चिसनला पडलेल्या उल्केतही अमिनो आम्लं होतीच.

हातमाग
सरांबद्दल आदर पूर्ण आहे. पण वर सापडला म्हणजे वरून आला असं होत नाही, खालूनही वर जातो. आणि आला वरून असं धरलं, तरी तिकडं कुठून आला? प्रश्न सुटला नाही, नुसता दुसऱ्या गावी बदली होऊन गेला.

बाराबंदी
बघा, हेच आम्ही देवाबद्दल बोललो की तुम्ही म्हणता, ‘मग देव कुठून आला?’ आज तुमच्या माणसालाही तोच दणका. बरं वाटलं.

फळा_आणि_खडू
एकवीस वर्षं विज्ञान शिकवतेय, आता बोलतेच. शेंगाचटणी, तुमचं बॅरल वाटतं त्याहून कामाचं आहे. वळवळ आपोआप होते हे हजारो वर्षं सगळ्यांनाच खरं वाटायचं. आपल्याकडं अंडज, जरायुज, उद्भिज्ज आणि चौथा स्वेदज. घामातून उवा! युरोपातही मांसातून अळ्या होतात असं मानायचे. १६६८ मध्ये इटलीतल्या रेडी या वैद्यानं मांसाच्या बरणीवर जाळीचं कापड बांधलं, माशी बसेना, मांसात अळी होईना. सूक्ष्मजीवांबद्दल मात्र वाद पुढं दोनशे वर्षं चालला. १८६० च्या सुमारास पाश्चरनं हंसाच्या मानेसारख्या नळीच्या चंबूत रस्सा उकळून ठेवला, तो तसाच स्वच्छ राहिला. मान मोडली तेव्हा नासला.

तुमच्या बॅरलमध्ये एडिस डासाची अंडी असतात. पाण्यात नाही, कडेला, पाण्याच्या रेषेच्या वर चिकटलेली. बॅरल पालथं करून वाळवलं तरी ती कोरड्यात महिनोन्महिने टिकतात. पाणी आलं, भिजली, की फुटतात. म्हणून वाटतं, ‘स्वच्छ पाणी भरलं आणि आपोआप झालं.’ ब्रशनं कडा घासा. माझ्या भावाला डेंग्यू झाला तेव्हा प्लेटलेट अठरा हजारांवर आल्या होत्या. घरातलं बॅरल दर आठवड्याला रिकामं होत होतं, घासलं कधीच गेलं नव्हतं. ते काम माझ्याकडं होतं.

बाराबंदी
ताई, भाऊ बरा आहे ना आता? पण मग पाश्चर आमच्याच बाजूचा झाला की. जिवातूनच जीव येतो. पहिला कुठून?

फळा_आणि_खडू
बरा आहे. पाश्चरनं दाखवलं ते एवढंच, की उकळलेला रस्सा धूळ न लागता नासत नाही. अख्खा समुद्र आणि कोट्यवधी वर्षं त्याच्या चंबूत मावत नव्हती. आरएनए पेशीत जनुकांचा निरोप नेतो, पण त्याचे काही रेणू स्वतःच रासायनिक क्रिया घडवतात. या शोधासाठी थॉमस चेक आणि सिडनी ऑल्टमन यांना १९८९ चं नोबेल मिळालं. म्हणजे निरोप आणि तो अमलात आणणारा एकच असू शकतो. पण तो पहिला रेणू कसा जुळला, याचं पक्कं उत्तर आज कुणाकडंच नाही. वर्गात मी तसंच सांगते. एका पालकांनी येऊन विचारलं होतं, ‘माहीत नाही असं शिकवायचा पगार घेता का?’ त्यांना ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं १२९ वं सूक्त वाचायला दिलं. देवसुद्धा सृष्टीनंतरचे, मग कुणाला ठाऊक, असं विचारून ते सूक्त ‘वरचा अध्यक्ष जाणत असेल, किंवा तोही नसेल’ यावर सरळ थांबतं. पालक परत आले नाहीत.

हातमाग
डाव्या-उजव्याचा मुद्दा आणि हवेचा मुद्दा, दोन्ही बाराबंदींचे बरोबर आहेत. मी गाळले, कारण पोस्ट लांबत होती. (खरं कारण तुम्हाला कळलंच असेल.)

बाराबंदी
कळलं. १९७ कोटींचा हिशेब मी काल रात्री स्वतः करून बघितला. बरोबर येतो. ४३२ ची ओळ पोस्टमधून काढतो. बाकी पोस्ट तशीच राहील, डार्विनसकट.

हातमाग
डार्विनसकट कशाला?

बाराबंदी
तुम्हाला पुढच्या आठवड्यात लिहायला काहीतरी नको का.

कडक_भाकरी
ताई, ब्रश प्लास्टिकचा चालेल की काथ्याचा? आणि गप्पी मासे सोडले तर त्याच पाण्यात स्वयंपाक करायचा का?

शेंगाचटणी
मासे वापरायच्या हौदात सोडा, पिण्याच्या नको. आमच्याकडं चाळीसेक झालेत, डबा घेऊन या. मोटारीचं बोललो ते तुम्हाला नव्हतं.

कडक_भाकरी
रविवारी येतो. नव्हतं म्हणे.