डेट्रॉइटच्या चौकात बसलेला ‘आलूवाला’ महापौर कोण?

सुदामानगरची आजी: मुलाकडे डेट्रॉइटजवळ तीन महिने राहून आले. निघायच्या आदल्या दिवशी सुनेने ग्रँड सर्कस पार्क दाखवलं. तिथे खुर्चीत ऐसपैस बसलेल्या टकल्या, दाढीवाल्या गृहस्थाचा ब्राँझचा पुतळा आहे. नाव हेझन पिंग्री. चार वेळा महापौर, दोनदा मिशिगनचा गव्हर्नर, ‘लोकांचं दैवत’ असं खाली कोरलंय. सून म्हणाली, ‘आई, ह्याला आलूवाला म्हणायचे.’ थट्टा करत होती का?

मंडीतला मुनीम: थट्टा नाही हो ताई. ‘पोटॅटो पॅच पिंग्री’ हेच नाव पडलं होतं त्याचं. मी इंदूरच्या चोइथराम मंडीत अडतीवर आलू-कांद्याचे हिशेब लिहिले, म्हणून हा माणूस आलूमुळेच लक्षात राहिला. १८९३ च्या मंदीत डेट्रॉइटचे कारखाने बसले, हजारो मजूर घरी. दुसरीकडे भाव चढायची वाट बघत पडीक ठेवलेले प्लॉट. १८९४ मध्ये हा मालकांना म्हणाला, एका हंगामापुरती जमीन द्या, हे बेकार मजूर तिथे आलू लावतील. पैसा जमेना, तेव्हा स्वतःचा लाडका घोडा लिलावात काढला. पेपरवाल्यांनी टर उडवली. तरी पहिल्याच वर्षी ४३० एकरांवर ९४५ कुटुंबांनी पीक घेतलं.

आलूच का, तर एका आलूच्या चार फोडी करा, प्रत्येकीला एक डोळा राहिला की झालं, बी पुरतं. तीनेक महिन्यांत काढणी, आणि थंडीत पोत्यात टिकतो. गरिबाला ह्याहून सोयीचं पीक दाखवा!

राजवाड्याचा भिया: काका, हा स्वतः बुटांचा कारखानदार ना? मतांसाठीच केलं असणार.

मंडीतला मुनीम: मतं मिळालीच की, नाही कशाला म्हणू? पण १८८९ मध्ये त्याला उभं केलं शहरातल्या पैसेवाल्यांनीच. वाटलं, आपलाच माणूस. तो निघाला भलताच. ट्रामचं भाडं पाचाचं तीन सेंट करा म्हणून कंपनीशी वर्षानुवर्षं भांडला. १८९१ मध्ये ट्रामवाल्यांचा संप झाला, तर फौज बोलवायला साफ नकार. १८९५ मध्ये रस्त्यांच्या दिव्यांसाठी शहराचं स्वतःचं वीजघर उभं केलं. तरुणपणी अमेरिकेच्या यादवी युद्धात अँडरसनव्हिलच्या युद्धकैद्यांच्या छावणीत राहून आलेला माणूस, तो शेठ लोकांच्या रागाला काय भिणार!

मला एकच खटकतं. गव्हर्नर निवडून आला तरी महापौराची खुर्ची सोडेना. १८९७ मध्ये कोर्टाने सोडायला लावली.

राजवाड्याचा भिया: म्हणजे खुर्चीचं वेड तिकडेही आहे 😄

सुदामानगरची आजी: ते जाऊ दे रे. घोड्याचं काय झालं?

मंडीतला मुनीम: पडत्या भावात गेला, ताई. मंदीत घोडा घेणार कोण?