परिक्रमेत स्वयंपाकाला कमी धुराचा स्टोव्ह कोणता न्यावा?

रेवातीर_इंदूर: नमस्कार मंडळी, कार्तिकी झाली की ओंकारेश्वरहून नर्मदा परिक्रमा उचलतोय, मी, मावशी आणि तिच्या दोन मैत्रिणी. सदाव्रतात, म्हणजे परिक्रमावासींना वाटेत मिळणाऱ्या शिध्यात, डाळ-तांदूळ, पीठ मिळतं पण शिजवायचं आपणच, आणि मावशीला दमा आहे. मागे चोरलला तीन दगडांच्या चुलीवर नुसता चहा करताना तिला इतका खोकला लागला की इन्हेलर काढावं लागलं. गॅसचं छोटं सिलेंडर नेऊ की तो काटक्यांवर चालणारा डब्यासारखा वुडगॅस स्टोव्ह?

काटकी: ताई, धूर गॅसला सगळ्यात कमी हे खरंच, पण सिलेंडर संपलं की वाटेवरच्या गावात ते मिळणं कठीण आणि ट्रेनमध्ये तर नेताच येत नाही. वुडगॅस घ्या. धूर म्हणजे अर्धवट जळालेलं लाकूडच असतं. या डब्याला दोन भिंती असतात, थोडी हवा तळातून आत जाते, बाकीची दोन भिंतींमधून तापत वर येते आणि वरच्या भोकांतून आत शिरते, तिथे तो धूरच पेट घेतो, भोकाभोकातून ज्योत फुटते अगदी गॅसच्या बर्नरसारखी. फक्त डबा आधी काटक्यांनी भरायचा, वरच्या भोकांच्या खालपर्यंतच, आणि आग वरून लावायची. काटकी बोटाएवढी, मोडली की कट्कन आवाज आला पाहिजे. गोवऱ्या बाफल्यांना (माळव्यातल्या बाट्यांना) उत्तम, यात नुसत्या धुमसतात.

माळवी_अण्णा: काटकी बरोबर सांगतायत, पण मधेच ओली काटकी टाकली की धूर येणारच, तेव्हा वारा जिकडून येतो त्या बाजूला मावशींना बसवा. डाळ दुपारपासून भिजवा, दहा मिनिटं दणकून उकळली की झाकण लावून पातेलं टॉवेल-घोंगडीत गच्च गुंडाळून ठेवा, तासाभरात आपोआप शिजते, जळण निम्मंही लागत नाही. खरं तर लिटरभर पाणी उकळायला हिशोबाने 20 ग्रॅम सुकं लाकूड पुरायला हवं, उघड्या चुलीत त्याच्या कितीतरी पट जातं, बाकी सगळी उष्णता वाऱ्यावर. आणि तंबूत किंवा बंद खोलीत अजिबात पेटवू नका, निखाऱ्यांचा कार्बन मोनॉक्साइड ना दिसतो ना वास येतो. वाटेतल्या शूलपाणीच्या झाडीत, म्हणजे जंगलात, वनरक्षकाला विचारूनच पेटवा, राखीव जंगलात आग लावणं 1927 च्या वन कायद्याने गुन्हा आहे.

रेवातीर_इंदूर: अण्णा, काटकी, खूप आभार. सियागंजातून स्टोव्ह आणला, काल गच्चीवर लावला. पहिली दोन मिनिटं धूर आला, मग वरच्या भोकांतून ज्योती फुटल्या. मावशी शेजारी बसून खिचडी ढवळत होती, एकदाही खोकली नाही.