मालिकेच्या सेटवरचे तुमचे अनुभव: कॅमेऱ्यापुढचे आणि मागचे

रातराणी

काल बोरिवली स्लो लोकलमध्ये शेजारच्या आजींचा फोन वाजला आणि रिंगटोन कुठली, तर 'आभाळमाया' मालिकेचं शीर्षकगीत! देवकी पंडितांचा आवाज. पिशवीतून फोन सापडेपर्यंत अख्खा डबा ऐकत होता. मी मात्र थेट २००४ सालच्या गोरेगावच्या सेटवर जाऊन पोचले.

तेव्हा मी एका मालिकेत धाकट्या सुनेची मैत्रीण होते. आठवड्यातून दोन दिवस शूटिंगचा कॉल, दिवसाला दोन-चार वाक्यं. आमचे दिग्दर्शक त्याच मालिकेत थोरल्या काकांचं कामही करायचे. धोतर-सदरा घालून, कॉलरला मेकअप लागू नये म्हणून गळ्याशी नॅपकिन खोचून मॉनिटरसमोर बसलेले असायचे. अडचण एकच. सरांना चष्म्याशिवाय मॉनिटर दिसायचा नाही आणि काकांना चष्मा नव्हता. शॉट लागला की चष्मा स्पॉटदादांच्या हातात, मेकअपदादा नाकावरचे दोन लाल वळ पफने बुजवणार, मग अ‍ॅक्शन.

एके दिवशी त्यांचा मोठा सीन होता, मुलाला घराबाहेर काढण्याचा. असिस्टंट दुसऱ्या युनिटला गेलेला. मी मागे उभी. सर म्हणाले, "तू बस मॉनिटरला. माझा शॉट तू बघ."

टेक झाला. सगळे वा वा म्हणाले. सरांनी माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "सर, 'चालता हो' म्हणताना तुम्ही दाराकडे बघितलंत, मुलाकडे नाही." बोलून गेले आणि हातपाय गार पडले. सरांनी एवढंच विचारलं, "वाक्याच्या आधी की नंतर?"

"आधी."

"वन मोर."

पुढच्या महिन्यापासून मी त्यांची असिस्टंट. सीन पेपर, म्हणजे सीनचे संवाद लिहिलेला कागद, आणि कंटिन्युटी, म्हणजे आधीच्या शॉटमध्ये कप कुणाच्या डाव्या हातात होता ते सगळं. आता १४ वर्षं एपिसोड डायरेक्टर आहे. त्या मालिकेच्या शेवटच्या चार महिन्यांचे पैसे निर्मात्यांनी बुडवले, त्याचा राग अजून आहे. पण ज्या भरवशाने सरांनी चष्मा काढून सीन माझ्यावर सोडला, त्याची सर कशालाच नाही.

ज्यांचं कुणी या धंद्यात आहे, त्यांनी लिहा. पडद्यावरचे चेहरे सगळ्यांना माहीत असतात, बाकीच्यांचं ऐकायचंय.

पातळभाजी

कंटिन्युटी वाचलं आणि बाबा आठवले. ड्रेसदादा होते, म्हणजे नटांचे कपडे सांभाळणारे, २२ वर्षं. शर्टाच्या खिशाला सेफ्टी पिनांची माळ असायची, धुवायला टाकताना आई एकेक काढून डबीत ठेवायची. मामाच्या लग्नात फोटोसाठी सगळ्या बायका उभ्या राहिल्या तर बाबा पुढे होऊन पाच जणींचे पदर नीट करून आले. कुणी हसलं नाही, उलट सहावी म्हणाली माझाही करा. कुकर झालाय, नंतर येते.

गिरगावचा_भाचा

आमच्या चाळीत टीव्ही एकच, दुसऱ्या मजल्यावर. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, पण आम्हाला कळायला लागलं ते 'चिमणराव' मालिकेपासून. प्रभावळकर चिमणराव, बाळ कर्वे गुंड्याभाऊ. चपला बाहेर काढायच्या आणि जाताना कुणाच्याही घालून जायच्या.

रातराणीताई, तुमच्या सरांवरून विनय आपटे आठवले. ते दूरदर्शनवर निर्माते होते, 'गजरा' हा कार्यक्रम करायचे. नट, दिग्दर्शक, सगळंच. 'आभाळमाया'च्या दिग्दर्शकांतही ते होते. तो भारदस्त आवाज! ७ डिसेंबर २०१३ ला गेले, त्या दिवशी आम्ही तिघं भाऊ फोनवर नुसते 'गजरा'बद्दलच बोलत होतो.

कैरीपन्हं

'आभाळमाया' दूरदर्शनच्या सह्याद्रीवर होती ना? आई सोमवारी भाजी आधीच चिरून ठेवायची.

गिरगावचा_भाचा

नाही हो, अल्फा मराठी. १९९९. चॅनलही त्याच वर्षीचं, नंतर त्याचं झी मराठी झालं. सह्याद्रीवर 'दामिनी', प्रतीक्षा लोणकर.

कैरीपन्हं

हां हां, दामिनी! माझ्या आत्येबहिणीने त्या नादात पत्रकारितेला प्रवेश घेतला. आता बँकेत आहे.

खिडकीचीसीट

ताई, रोजचा एपिसोड रोज कसा निघतो? मुलीला हेच करायचंय, बारावी झालीय, मी घाबरलेय.

रातराणी

अर्ध्या तासाच्या एपिसोडला २२ मिनिटांच्या आसपासचं फुटेज लागतं. ते एका दिवसात काढायचं, बारा तासांची शिफ्ट, कधी त्याहून जास्त. चार-पाच एपिसोड हातात असले की त्याला बँक म्हणतात. बँक संपली की सीन पेपर सेटवर येतो तेव्हा शाई ओली असते. आधी मास्टर, म्हणजे सगळा सीन एकत्र दिसणारा शॉट, मग एकेकाचे क्लोजअप, मग पुढचा सीन. गुरुवारी टीआरपी येतो आणि शुक्रवारी गोष्टीचा ट्रॅक बदलतो. आजारी पडलेली सून एकदम बरी होते ती त्यामुळे.

मुलीला सांगा, पैसे बहुतेकदा तीन महिन्यांनी येतात, तेवढी गंगाजळी घरात हवी. आणि आधी एकांकिका करू दे, मग ती सेटवर घाबरणार नाही. तुम्हीही घाबरू नका. एक दिवस तिला घेऊन सेटवर या, खरंच.

मीठभाकर

आमचं वेगळं. हे नट. मालिकेत आजोबा. २०२० मध्ये कोरोनामुळे मार्चला शूटिंग बंद झालं, जूनअखेर परत सुरू झालं, पण ६५ च्या वरच्यांना सेटवर मनाई. हे तेव्हा ६८. मालिकेत आजोबांना गावाला पाठवलं आणि फोनवर ठेवलं. म्हणजे नात फोन उचलणार, "आजोबा कसे आहात?" आणि पलीकडचे आजोबा आमच्या डोंबिवलीच्या स्वयंपाकघरात. मागे गाव दिसावं म्हणून मी फ्रीजवर घोंगडी टाकली. मोबाइल मीच धरायचे. पलीकडे कुणी नाही, नातीची वाक्यं मी वाचायची. मला वाचता येईना, रडू यायचं. हे म्हणायचे, "अगं, तू नात आहेस, बायको नाहीस. परत घे."

ऑगस्टमध्ये हायकोर्टाने ती अट काढली. त्या रात्री यांनी दाढी केली, डबा घासून ठेवला, सहाची लोकल धरायची म्हणून. पण फोन आला नाही. मालिकेत आजोबा गावालाच राहिले.

पातळभाजी

आले परत. मीठभाकर, वाचून पोटात कालवलं. बाबांचाही डबा तसाच असायचा, तीन ताळी, ओला टॉवेल गुंडाळलेला.

खिडकीचीसीट

धन्यवाद ताई. मुलगी वाचतेय शेजारी बसून. ती विचारतेय, घोंगडी फ्रीजवर टिकली कशी?

मीठभाकर

वर दोन वरवंटे ठेवले होते. एक शेजारणीचा.

रातराणी

मीठभाकर, काकांना माझा नमस्कार सांगा. आणि ते फोनवर केलेले सीन जपून ठेवलेत का? ठेवले असतील तर मला बघायचेत. समोर कुणी नसताना नजर कुठे ठेवायची हे भल्याभल्यांना जमत नाही.

मीठभाकर

ठेवलेत, जुन्या मोबाइलमध्ये. नजर माझ्या खांद्यावर ठेवायचे. चार्जर शोधायला हवा.

कैरीपन्हं

डोंबिवलीत कुठे हो तुम्ही? मी रामनगर. जुना चार्जर माझ्याकडे दोन-तीन प्रकारचे पडलेत, संध्याकाळी घेऊन येते.