मेडिएशनमध्ये जमलं, पण ४९८अ (सासरच्या छळाची फौजदारी केस) आधी की पैसे आधी? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी, मावसबहिणीचं फॅमिली कोर्टाच्या मेडिएशनमध्ये एकदाचं जमलं, म्युच्युअल डिव्होर्स, एकरकमी पोटगी आणि स्त्रीधन परत. आता सासरचे म्हणतात आधी ४९८अ संपव मग पैसे, पण ती केस नुसती मागे घेता येत नाही, हायकोर्टातून क्वॅश (रद्द) करावी लागते आणि त्याला हिचं संमतीचं ॲफिडेव्हिट लागतं, ते देऊन बसली की हिच्या हातात काय राहिलं? डीडी कोर्टात जमा करून क्वॅशिंगनंतर हिला मिळेल असं कन्सेंट टर्म्समध्ये (दोघांच्या लेखी समझोत्यात) कोणी लिहून घेतलंय का? आणि १३ब चे (हिंदू विवाह कायद्यातलं म्युच्युअल डिव्होर्सचं कलम) थांबायचे सहा महिने २०१७ च्या सुप्रीम कोर्टाच्या निकालाने माफ होऊ शकतात, दीड वर्ष वेगळे राहिले असतील तर, हे तर दोन वर्षं वेगळे आहेत, अर्ज केलेल्यांनी सांगा प्लीज. उगाच ‘नांदायला पाठवा’ वाले सल्ले नकोत.