मदत हवी आहे: एबी रक्तगटाच्या मुलाला डेंग्यूचा धोका जास्त असतो का?

नमस्कार मंडळी. आम्ही यावल तालुक्यातले. गेल्या वर्षी पोळ्याच्या सुमारास माझ्या मुलाला डेंग्यू झाला, जळगावला दवाखान्यात ठेवावं लागलं. यंदा गल्लीत पुन्हा तापाचे पेशंट निघालेत आणि माझा जीव थाऱ्यावर नाही.

मुलाचा रक्तगट एबी, सासऱ्यांचा ओ. आबा म्हणतात, "ओ वाल्याले काही होत नाही, पोराचं रक्तच नाजूक." म्हणून ते मच्छरदाणी लावू देत नाहीत. कूलर उन्हाळ्यापासून खिडकीतच आहे. काल खालची टाकी पाहिली तर पावसाच्या पाण्यात अळ्या वळवळत होत्या. त्यात व्हॉट्सॲपवर मेसेज आला की एबी गटाला डेंग्यू जास्त गंभीर होतो. यात कितपत तथ्य आहे? रक्तगट काही बदलता येत नाही, मग मी करू तरी काय?

प्रतिसाद: ताई, मी पाचोऱ्याला लॅबमध्ये आहे. मेसेज अगदीच हवेतला नाही. थायलंडमधल्या मुलांच्या एका अभ्यासात, दुसऱ्यांदा डेंग्यू झालेल्यांपैकी एबी गटाच्या मुलांना आजार जास्त गंभीर झालेला दिसला होता. पण सगळ्याच अभ्यासांत तसं निघालेलं नाही. कोरोनातही २०२० साली इटली आणि स्पेनच्या रुग्णांत ए गटाला धोका थोडा जास्त, ओ गटाला थोडा कमी दिसला. तरी ओ गटाची माणसं दगावलीच. उलट्या-जुलाब करणाऱ्या नोरोव्हायरसचा एक प्रकार तर ओ वाल्यांनाच जास्त धरतो. हे आबांना जरूर सांगा.

तुमच्या मुलाच्या बाबतीत रक्तगटापेक्षा मोठी गोष्ट ही, की त्याला एकदा डेंग्यू होऊन गेलाय. या विषाणूचे चार प्रकार आहेत. दुसऱ्या वेळी वेगळा प्रकार आला, तर आधीच्या अँटिबॉडी त्याला थोपवण्याऐवजी पेशीत शिरायला मदत करू शकतात. म्हणून ताप आला की लगेच डॉक्टरांना दाखवा आणि गेल्या वर्षीचं आठवणीने सांगा. तापाला पॅरासिटामॉलच, अ‍ॅस्पिरिन, आयब्युप्रोफेन किंवा अंगदुखीचं इंजेक्शन अजिबात नको. ताप उतरला म्हणजे सुटलो असं नसतं, पुढचे एक-दोन दिवसच जपायचे असतात. पोटात जोरात दुखणं, सारख्या उलट्या, हिरड्यांतून रक्त, पोरगं मलूल पडणं, यातलं काहीही दिसलं तर रात्र असली तरी दवाखाना गाठा.

धागाकर्ती: खूप आभार दादा. कूलर आजच रिकामा केला. पण नळाला पाणी चार-पाच दिवसांआड येतं, रांजण भरून ठेवावाच लागतो. पिण्याचं पाणी, त्याचं काय करू?

प्रतिसाद: तोंडाला दाट सुती कापड घट्ट बांधा. आठवड्यातून एकदा रांजण रिकामा करून आतून काथ्याने खसाखसा घासा. अंडी कडेला चिकटलेली असतात, नुसतं पाणी ओतून जात नाहीत. कोरडी पडली तरी कित्येक महिने टिकतात. कूलरची टाकीही तशीच घासा.