शनिवारी गच्चीवर ‘सपोर्ट युअर लोकल शेरीफ’ लावूया का?

ए-१०३: शनिवारी पडदा लावायचा ठरलंय, पण सिनेमा अजून ठरलेला नाही. मुलं असणार आहेत, रक्तपात नको.

बी-४०२: काकू, १९६९चा ‘सपोर्ट युअर लोकल शेरीफ’ लावूया. दिग्दर्शक बर्ट केनेडी, शेरीफ, म्हणजे गावात कायदा राखणारा अधिकारी, झालाय जेम्स गार्नर. दीड तासात संपतो.

सी-२०१: अहो दादा, वेस्टर्न म्हणजे सगळ्या बंदुकाच की!

बी-४०२: ताई, बंदुका आहेत, पण हा शेरीफ आधी डोकं चालवतो. गावात अंत्यविधी चालू असताना कबरीच्या खड्ड्यातच सोनं सापडतं. झालं, गावात झुंबड उडते, भाव गगनाला भिडतात आणि कायदा कुणी मानेनासं होतं. सोनं बाहेर न्यायचा रस्ता डॅन्बी बापलेकांच्या ताब्यात, त्यांना २० टक्के दिल्याशिवाय सुटका नाही. आपला नायक निघालाय ऑस्ट्रेलियाला. पैशांची गरज म्हणून वाटेत शेरीफची नोकरी धरतो आणि लगेच धाकट्या डॅन्बीला खुनाबद्दल आत टाकतो.

पण कोठडीला गजच नाहीत! ते अजून यायचेत. मग हा खडूनं जमिनीवर रेघ ओढतो आणि तिथंच थोडा लाल रंग शिंपडतो. कैदी त्या डागांकडे बघतो, रेघेकडे बघतो. आधी कुणीतरी ती ओलांडायला गेलं होतं, एवढंच त्याच्या मनात भरवलं जातं. पठ्ठ्या जागचा हलत नाही! ब्रूस डर्ननं त्याचा तो मठ्ठपणा काय सुंदर केलाय.

ए-१०३: हे मुलांना आवडेल.

डी-३०१: लावाच. त्यातला म्हातारा डॅन्बी म्हणजे वॉल्टर ब्रेनन, तीन ऑस्कर मिळवलेला नट. १९४६च्या ‘माय डार्लिंग क्लेमेंटाइन’मध्ये त्यानं असाच पोरांचा टोळीवाला बाप केला होता, पण अंगावर काटा येईल असा. १९५९च्या ‘रिओ ब्राव्हो’त तोच कैद्यावर पहारा ठेवायला तुरुंगात बसलेला असतो आणि कैद्याचा भाऊ बाहेरून टोळी घेऊन येतो. इथं नेमकं उलट, पोराला सोडवायला बाहेरून येणारा हाच! शेरीफवर पिस्तूल रोखतो, तर गार्नर सरळ नळीत बोट घालतो. त्या क्षणी ब्रेननचा चेहरा बघा.

बी-४०२: काका, अगदी! पण माझा जीव अडकलाय तो जेकमध्ये. जॅक एलमनं केलेला. गावात ज्याला कुणी मोजत नाही असा फाटका माणूस, शेरीफ त्याला हाताशी धरून आपला मदतनीस नेमतो. त्याला ही नोकरी नकोच असते, भीती तोंडावर दिसते, कुरकुर चालूच असते, तरी वेळ आली की तो शेरीफच्या बाजूला उभा असतो. बाकीचं गाव अंग काढून घेतं तेव्हासुद्धा. नेमबाज नायक खूप पाहिलेत, पण घाबरत घाबरत काम करणाऱ्या माणसाला इतक्या मायेनं दाखवणारे वेस्टर्न कमी. म्हणून मला हा सिनेमा नुसत्या विनोदी सिनेमापेक्षा मोठा वाटतो.

डी-३०१: आणि एलम म्हणजे खलनायकाच्या टोळीतला हमखास चेहरा, तो तिरका डोळा! आदल्याच वर्षी ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’च्या सुरुवातीला पिस्तुलाच्या नळीत माशी पकडणारा तोच.

सी-२०१: बायकांना काही काम आहे का, की नुसत्या खिडकीत उभ्या?

बी-४०२: आहे ना. जोन हॅकेट महापौराची मुलगी झालीय, शेरीफला पहिल्यांदा दिसते तीच भर रस्त्यात चिखलातल्या मारामारीत. आणि सगळ्यात छान प्रसंग तिचाच. गाव मदत करणार नाही म्हटल्यावर शेरीफ सांगतो, मी निघतो. ती मनापासून खूश होते, हेच शहाणपणाचं म्हणते. तिनं इतकं कौतुक केल्यावर तो राहायचं ठरवतो!

सी-२०१: 😄 माझं मत याला.

ए-१०३: ठरलं तर मग. इंग्रजी समजायला खाली अक्षरं येतील ना?

बी-४०२: येतील काकू. पण इंग्रजीच असतील, म्हणून लहान मुलांना पुढं बसवा, मी त्यांच्याजवळ बसून सांगत जाईन. शेवटी तोफेचा प्रसंग आहे, तो मात्र आधी कुणी फोडू नका.

डी-३०१: शब्द दिला. स्पीकर मी आणतो.