मदत हवी आहे: आबांच्या बीपीला दोन डॉक्टरांचे दोन आकडे. ही गाइडलाइन ठरवतं कोण?

कोरेगावकर_७७ (सायं. ६:५०)
घाईत लिहितोय. आबांचं बीपी १३८/८४ येतंय. साताऱ्याचे डॉक्टर म्हणाले ठीक आहे, आहे तीच गोळी चालू द्या. मागच्या आठवड्यात बहिणीकडे सांगलीला गेलो, तिथल्या हार्टच्या डॉक्टरांनी आणखी एक गोळी लिहून दिली. म्हणाले, १३० च्या खाली आलंच पाहिजे. दोघंही म्हणतात, "गाइडलाइनच तशी आहे." आजार एक, माणूस एक, मग गाइडलाइन दोन कशा? कोण लिहितं त्या? रात्रीच्या जेवणानंतर नवी गोळी द्यायची की नाही ते ठरवायचंय. लवकर सांगा.

वाईकर_मास्तर (६:५८)
आबांचं वय? शुगर आहे का? किडनीचे रिपोर्ट? आधी कधी ॲटॅक, पॅरालिसिस? यातलं काहीच लिहिलं नाहीत.

हळदीचं_गाव (७:०४)
माझ्या सासऱ्यांना रोज उपाशीपोटी लसणाच्या दोन पाकळ्या देतो. आणि साधं मीठ बंद, फक्त सैंधव. सहा महिन्यांत बीपी १२० वर आलं. करून बघा, गोळ्यांच्या मागे लागू नका.

वाईकर_मास्तर (७:०९)
सैंधवही सोडियम क्लोराइडच असतं हो. मीठ बदलून काही होत नाही, कमी करावं लागतं. लोणचं आणि खर्डा आधी बघा.

कोरेगावकर_७७ (७:११)
वय ७१. बाकी ठणठणीत, रोज रानात जातात. मी लसूण विचारला नाहीये. गाइडलाइन कोण ठरवतं ते विचारलंय.

जुना_फार्मासिस्ट_मिरज (७:३२)
मिरजेत चौतीस वर्षं औषधाच्या दुकानात काढली. दोन डॉक्टरांच्या दोन चिठ्ठ्या हातात घेऊन गोंधळलेली माणसं रोज बघितली, म्हणून नीट लिहितो.

गाइडलाइन सरकारचा कायदा नसते. बहुतेक वेळा डॉक्टरांची राष्ट्रीय संघटना ती काढते. अमेरिकेत हार्टच्या दोन मोठ्या संस्था मिळून काढतात, युरोपची वेगळी आहे. आपल्याकडे कार्डिऑलॉजिकल सोसायटी ऑफ इंडिया १९४८ पासून आहे. विषय ठरला की लेखन समिती नेमतात. कुणाचे औषध कंपनीशी पैशाचे संबंध आहेत ते आधी लिहून घेतात. अमेरिकेच्या समितीत अध्यक्ष आणि निम्म्याहून जास्त सदस्य त्या विषयात कंपन्यांपासून मोकळे असावे लागतात. मग झाडून सगळे अभ्यास गोळा करायचे, एकेका वाक्यावर चर्चा, मतदान, बाहेरच्या तज्ज्ञांकडून तपासणी, आणि मग छापणं.

महत्त्वाचं असं की प्रत्येक शिफारशीला दोन शिक्के असतात. पहिला 'क्लास', म्हणजे ही गोष्ट करा, केली तर चालेल, की करू नका. दुसरा पुराव्याची पातळी: ए, बी किंवा सी. ए म्हणजे अनेक चांगल्या चाचण्यांतून सिद्ध, बी म्हणजे एखादीच चाचणी किंवा त्याहून कच्चे अभ्यास, सी म्हणजे पुरावा थोडा किंवा तज्ज्ञांचं एकमत. २०१९ मध्ये अमेरिकी संस्थांच्या हार्टच्या शिफारशी मोजल्या तेव्हा ए दर्जाच्या निघाल्या फक्त ८.५ टक्के. युरोपच्या १४.२ टक्के. उरलेल्या ठिकाणी पुरावा कमी पक्का असतो, मग अनुभवी माणसं बसून तो तोलतात. आकडे वेगळे होतात ते तिथे.

पाटण_खोरं (७:४०)
म्हणजे शंभरातले नव्वद अंदाजपंचे! आणि आकडा खाली आणला की गोळ्या कुणाच्या खपतात? माझ्या चुलत्याला चार गोळ्या लावल्या होत्या, चालताना पडला. कंपन्यांचाच खेळ आहे सगळा.

जुना_फार्मासिस्ट_मिरज (७:५१)
चुलत्यांचं वाईट वाटलं. पण सी म्हणजे अंदाज नव्हे. प्रत्येक प्रश्नावर चाचणी घेता येत नाही, आणि डॉक्टरला समोरच्या पेशंटसाठी आज काहीतरी ठरवावंच लागतं.

१३० चा आकडा मुख्यतः स्प्रिंट नावाच्या चाचणीवरून आला. पैसा अमेरिकी सरकारच्या संस्थांचा, कंपनीचा नव्हे. ९,३६१ माणसं, सगळी पन्नाशीच्या पुढची. वरचं बीपी १२० च्या खाली ठेवलेल्या गटात हार्टचे मोठे त्रास २५ टक्के कमी झाले. पण त्याच गटात बीपी फार उतरणं, चक्कर येऊन शुद्ध हरपणं, किडनीला इजा, हेही जास्त दिसलं. तुमच्या चुलत्यांसारखा त्रास त्याच अहवालात नोंदलेला आहे, लपवलेला नाही.

२०१७ मध्ये अमेरिकेच्या हार्ट संस्थांनी १३०/८० पासून बीपी धरायचं ठरवलं. त्याच देशातल्या फॅमिली डॉक्टरांच्या संघटनेने ते मान्य करायला नकार दिला. पुढच्या वर्षी युरोपने १४०/९० च ठेवलं. त्याआधी २०१४ च्या अमेरिकी समितीत साठीपुढच्यांना १५० पर्यंत चालेल असं ठरलं, तेव्हा १७ पैकी ५ सदस्यांनी आपलं विरोधी मत वेगळं छापलं. मतभेद असे उघड मांडले जातात म्हणूनच माझा या पद्धतीवर विश्वास आहे.

आरोग्यसेविका_ताई (८:०५)
साताऱ्याचे डॉक्टर १४० का म्हणतात ते मी सांगू शकते. इंडिया हायपरटेन्शन कंट्रोल इनिशिएटिव्ह हा बीपीचा सरकारी कार्यक्रम २०१७ मध्ये सुरू झाला, त्याच्या सुरुवातीच्या जिल्ह्यांत आपला सातारा होता. त्यात १४०/९० हीच रेघ. कुठल्या टप्प्याला कुठली गोळी, किती मिलिग्रॅम, सगळं तक्त्यावर. मोठ्या शहरातल्या तज्ज्ञाला हे ढोबळ वाटेल, पण डोंगरातल्या उपकेंद्रावर गोळी महिनोन्महिने न तुटता मिळणं आम्हाला जास्त मोलाचं आहे. गाइडलाइन कुणी वापरायची यावरही ती बदलते.

कृष्णाकाठ (८:१२)
कोलेस्टेरॉलचंही तसंच. फार जास्त धोका असलेल्यांत एलडीएलसाठी (वाईट कोलेस्टेरॉल) अमेरिकेने २०१८ ला ७० ची रेघ धरली, युरोपने पुढच्या वर्षी ५५ च्या खाली, आणि आपल्या लिपिड असोसिएशन ऑफ इंडियाने ५० च्या खाली. आपल्या लोकांना हार्टचा आजार लहान वयात होतो म्हणून. आबांचं एलडीएल किती?

पाटण_खोरं (८:१५)
आता कोलेस्टेरॉल कुठून आलं? त्यांनी बीपीचं विचारलंय.

कोरेगावकर_७७ (८:१८)
ताई, हे कुणीच सांगितलं नव्हतं, आभार. म्हणजे दोघंही आपापल्या जागी बरोबर. पण मग आबांना गोळी द्यायची का? शुगरच्या गोळ्या दहा वर्षं चालूच आहेत, त्यात आणखी एक. आणि हल्ली सकाळी उठताना त्यांना गरगरतं.

वाईकर_मास्तर (८:१९)
अहो, शुगर आहे का हे मी पहिल्याच ओळीत विचारलं होतं!

जुना_फार्मासिस्ट_मिरज (८:२७)
हे आधी सांगायला हवं होतं. स्प्रिंटमध्ये शुगरवाले घेतलेच नव्हते. शुगरवाल्यांवरच्या २०१० च्या अकॉर्ड चाचणीत १२० चा एकूण फायदा सिद्ध झाला नाही, पॅरालिसिस मात्र कमी झाला. २०२४ मध्ये चीनमधल्या १२,८२१ शुगरवाल्यांच्या चाचणीत फायदा स्पष्ट दिसला. म्हणजे सांगलीच्या डॉक्टरांच्या म्हणण्यालाही आधार आहे.

पण गरगरणं वेगळं. युरोपची २०२४ ची गाइडलाइन बीपी १२० ते १२९ मध्ये आणा म्हणते, पण सोसत असेल तर. उभं राहिल्यावर बीपी उतरून त्रास होत असेल तर सवलत द्या, असंही म्हणते. उभ्याने बीपी कुणी घेतलं होतं का?

कोरेगावकर_७७ (८:३०)
नाही. सांगलीत तर जिना चढून गेल्या गेल्या घेतलं.

आरोग्यसेविका_ताई (८:३३)
घरी मशीन आहे ना? पाच मिनिटं आडवं करा, बीपी घ्या. मग उभं करून एका मिनिटाने आणि तिसऱ्या मिनिटाला परत घ्या. दंडावरचं मशीन हवं. कुणीतरी धरून उभं राहा.

हळदीचं_गाव (८:३५)
मनगटाचंही चालतं, आमच्याकडे तेच आहे.

आरोग्यसेविका_ताई (८:३६)
हात हृदयाच्या पातळीला नसेल तर ते चुकतं. दंडावरचंच घ्या.

कोरेगावकर_७७ (८:५८)
आडवं १३६/८२. उभं राहून एका मिनिटाने ११२/७०. तिसऱ्या मिनिटाला ११०/६८, आणि आबा खाली बसले, डोळ्यांपुढे अंधारी आली म्हणाले.

जुना_फार्मासिस्ट_मिरज (९:०१)
वरचा आकडा २० ने उतरला तरी डॉक्टर त्याला महत्त्व देतात, इथे २६ आहे. नवी गोळी देण्याआधी आत्ताच सांगलीला फोन करा, हे तिन्ही आकडे सांगा. चालू असलेली गोळी मात्र मनाने बंद करू नका. रात्री आबांना एकट्याने उठू देऊ नका.

कोरेगावकर_७७ (९:२४)
फोन लागला. डॉक्टरांनी पूर्ण ऐकून घेतलं. नवी गोळी आज देऊ नका म्हणाले, आणि साताऱ्याच्या डॉक्टरांचा नंबर मागून घेतला, स्वतः बोलणार आहेत. आबांच्या खाटेशेजारी अंथरूण घातलंय.